रुचिताच्या सत्तावीस पेट्या

आमच्या कारखान्यात रुचिता पागधरेला ओळखत नाही असा माणूस नाही. पण ती नक्की काय काम करते असं विचारलं, तर निम्मे लोक सांगतील, "ती ना, वायरवाली." तिची आई जमनाबाई बोईसरच्या बाजारात मासळी घेऊन बसते. ती सांगेल, "दिवसभर दिवे बगते. हिरवा लागला का हसते, नाय लागला का जेवत नाय." दोन्ही खरंच आहे. पण मी तिच्या शेजारच्या खोलीत नऊ वर्षं काढली, आणि गेल्या वर्षीचा एक शुक्रवार अख्खा तिच्यासोबत होते. तेव्हा तिचं काम सांगायचं तर ते मी सांगावं, असं मला वाटतं.

मी टाइम ऑफिसात असते. हजेरी, गेटपास आणि वजनकाट्याच्या पावत्या माझ्याकडे. राहणार बेटेगावची, नोकरीला तीस वर्षं झाली. आमचा कारखाना तारापूर एमआयडीसीत, औषधांना लागणारी रसायनं बनवतो. फार मोठा नाही, फार लहान नाही. शिक्षण माझं मराठी शाळेतलं, त्यामुळे कॉम्प्युटरचं जे काही मला कळतं ते रुचितानं समजावलं तेवढंच. तेवढंच इथे लिहिते.

स्विच म्हटलं की आपल्याला भिंतीवरचं बटण आठवतं. हा स्विच वेगळा. ही पत्र्याची चपटी पेटी असते, पुढच्या बाजूला ओळीनं भोकं. आसपासच्या सगळ्या कॉम्प्युटरच्या वायरी तिच्यात येऊन मिळतात आणि तिथून इकडचा निरोप तिकडे जातो. गेटवर कामगारानं बोट टेकलं की माझ्याकडे हजेरी पडते, काट्यावर ट्रक चढला की स्टोअरला वजन दिसतं, ते या पेट्यांमधून. आमच्याकडे अशा सत्तावीस आहेत. लॅबच्या माळ्यावर, बॉयलरच्या भिंतीला, कँटीनच्या मागे, गेटवर, आणि एक माझ्या डोक्यावर टाइम ऑफिसात.

पेटीनं कसं वागायचं याच्या सूचना तिच्या आतच भरलेल्या असतात. त्याला फर्मवेअर म्हणतात. पेटी बनवणारे लोक अधूनमधून त्या सूचना सुधारून नव्या देतात. नव्या भरायच्या म्हणजे जुन्या पुसून त्यांच्या जागी बसवायच्या. तेवढा वेळ पेटी बंद. चुकीच्या भरल्या किंवा मध्येच लाइट गेली, तर पेटी पुन्हा उठतच नाही.

मी म्हटलं, "म्हणजे ऑपरेशनच की गं."

"ऑपरेशनमध्ये पेशंटचा श्वास तरी चालू असतो, ताई," रुचिता म्हणाली.

रुचिता किनाऱ्यावरच्या मुरबे गावची. वडील महादू पागधरे, त्यांची इंजिनाची होडी आहे. दहावीपर्यंत गावात शिकली, मग पालघरला आयटीआय केलं आणि आमच्याकडे एजन्सीमार्फत लॅबमध्ये आकडे टाइप करायला लागली. तेव्हा नेटवर्कचं काम बाहेरचा एक ठेकेदार बघायचा. फोन केला की "निघालोय" म्हणायचा आणि दोन दिवसांनी यायचा. एका दुपारी लॅबचं सगळं बंद पडलं. रुचिता स्टुलावर चढली, पेटीच्या खोक्याचं दार उघडलं, तर आत पालीनं अंडी घातलेली, आणि आमच्या हवेनं वायरीची टोकं हिरवी पडलेली. आमच्या हवेत लोखंड टिकत नाही तिथे तांब्याचं काय. तिनं टोकं छाटली, नवी बसवली, आणि लॅब सुरू झाली. ठेकेदार दोन दिवसांनी आला तेव्हा त्याला चहा देऊन परत पाठवला.

तेव्हापासून ते काम तिच्या अंगावर आलं. शिकवायला कोणी नव्हतं. पेटीबरोबर येणारी इंग्रजी पुस्तकं ती घरी न्यायची आणि एका जाड वहीत मराठीत लिहून काढायची. प्रत्येक पेटीला एक पान. कुठे लावली आहे, कुठली वायर कुठे जाते, कधी रुसली, कशानं ऐकलं. "रुसली" हा तिचाच शब्द. एकदा ऑडिटला आलेल्या साहेबांनी ती वही चाळली आणि विचारलं, "हे काय, 'पावसात कुरकुरते'?" रुचिता म्हणाली, "कुरकुरते सर. पंखा बदलला, आता नाही कुरकुरत. खाली तारीख आहे बघा." तारीख होती.

आणखी एक गोष्ट तिच्याकडे होती, ती म्हणजे "घरचा". तिचे वडील होडी घेऊन निघताना डिझेलचा एक डबा वेगळा बांधून ठेवतात. वर फडकं घट्ट बांधलेलं. तो फक्त परत यायला. मासळी समोर दिसत असली, सगळं डिझेल संपलं असलं, तरी त्या डब्याला खलाशी हात लावत नाहीत. त्याला ते घरचा डबा म्हणतात. रुचितानं ऑफिसात एक जादा स्विच मागितला होता, तीन वेळा अर्ज करून. मिळाला नाही. मग तिनं भंगारातून, सात वर्षांपूर्वी वीज पडून जळालेल्या तीन पेट्या आणल्या, तिन्ही उघडल्या आणि त्यांच्यातून एक चालणारी पेटी जुळवली. ती कपाटात ठेवली आणि वर मार्करनं लिहिलं, "घरचा".

आता त्या शुक्रवारचं सांगते.

गेल्या वर्षी दसऱ्यानंतर आमच्या परदेशातल्या एका गिऱ्हाइकानं कळवलं की तुमच्या स्विचमध्ये जुन्या सूचना आहेत, त्यातून बाहेरचा माणूस आत शिरू शकतो, महिनाअखेरीपर्यंत सगळे अपडेट करा. मुंबईच्या हेड ऑफिसला एवढंच निमित्त हवं होतं. त्यांच्या मनात आधीपासून होतं की तिन्ही कारखान्यांचं नेटवर्क ठाण्याच्या एका कंपनीकडे द्यावं. मग रुचिताची गरज नव्हती. ती अजून एजन्सीच्याच पटावर होती, तिला जा म्हणायला एक फोन पुरे.

आमचे मॅनेजर दर्पणभाई गुजराती आहेत, बोलायला कमी. ते हेड ऑफिसशी भांडले, असं मी पहिल्यांदाच पाहिलं. मग रुचिताला बोलावून म्हणाले, "रुचिताबेन, एक शुक्रवार मागून घेतला आहे. शनिवारी सात वाजता पहिली पाळी गेटमधून नीट आत आली, तर तू इथेच. नाही आली, तर सोमवारी ठाण्याची माणसं येतील. मग मी काही बोलू शकणार नाही."

ती "चालेल सर" म्हणाली आणि बाहेर येऊन माझ्या टेबलावरचं पाणी अख्खा तांब्या प्यायली.

शुक्रवार आमचा सुट्टीचा वार. तरी मी गेले. गेट आणि काट्याच्या खोल्यांच्या चाव्या माझ्याकडे असतात हे कारण होतंच, पण खरं म्हणजे मला घरी बसवलं नसतं. निघताना देवापाशी दिवा लावला आणि डहाणूच्या महालक्ष्मीला सांगितलं, पोरीकडे बघ.

सातला ती हजर. स्कूटीच्या पुढे "घरचा" गोणपाटात गुंडाळलेला. मी विचारलं, "हा कुठे नेला होतास?"

"घरी. रात्रभर चालू ठेवून बघितला. आई म्हणाली, माशांच्या टोपलीपाशी ठेवू नको, वास लागेल. मी म्हटलं, कशाला कशाचा?"

हेड ऑफिसचे अनुज सर फोनवर होते. वयानं रुचिताएवढेच, बोलायला भराभर. ते म्हणाले, "इथून एक बटण दाबलं की सत्तावीस एकदम होतात. तू फक्त लाइट जाणार नाही एवढं बघ. दुपारी दोनला मला रिपोर्ट दे."

"सर, एकदम नको. एकेक करते. एक उठली की दुसरी."

"किती वेळ?"

"पाच वाजतील संध्याकाळचे."

"रुचिता, लोक हे काम अर्ध्या तासात करतात."

"करत असतील सर. मला दर्पणभाईंनी पूर्ण दिवस दिलाय."

तिकडून हसल्याचा आवाज आला. "बरं. पण अडलीस तर मी बटण दाबणार."

तिनं सुरुवात कँटीनच्या पेटीपासून केली. तिथे बंद पडलं तर फार तर चहाची कुपनं थांबली असती. आधी जुन्या सूचना आणि कुठल्या भोकातून काय कुठे जायचं ती सगळी मांडणी लॅपटॉपवर उतरवून घेतली. मग नव्या सूचनांची फाइल भरली. पेटीचे दिवे विझले. ती घड्याळ बघत उभी. मीही उभी. साडेतीन मिनिटांनी एक दिवा लागला, मग ओळीनं सगळे डोळे मिचकावायला लागले. तिनं वहीत टिक केली आणि म्हणाली, "एक." अशा अकरा वाजेपर्यंत दहा झाल्या. मी तिच्या मागे किल्ल्यांचा जुडगा घेऊन. लॅब, अकाउंट, स्टोअर, बॉयलर. मधल्या वेळात आम्ही तिच्या आईनं दिलेली सुकटीची चटणी आणि भाकरी खाल्ली, उभ्या उभ्याच.

अकरावी पेटी माझ्या टाइम ऑफिसची.

फाइल भरली. दिवे विझले. तीन मिनिटं झाली, चार झाली. मग सगळे दिवे एकदम लागले आणि तसेच राहिले. मिचकावेनात. मला वाटलं छान झालं, सगळे हिरवे. मी म्हटलं, "लागले गं."

तिच्या चेहऱ्याकडे बघून मला कळलं की हे लागणं चांगलं नाही. ती वीस मिनिटं स्टुलावर बसून राहिली. पेटी बंद केली, चालू केली. पुन्हा तेच, सगळे दिवे एकदम. उघड्या डोळ्यांनी मेलेल्या माणसासारखी दिसत होती ती पेटी.

अनुज सरांनाही कळलं, त्यांच्या पडद्यावर तांबडं दिसलं. फोन आला. "एक गेली ना? जाऊ दे. जुनी झाली असेल. बाकीच्या सोळा मी इथून एकदम टाकतो."

"सर, थांबा."

"का?"

"ही का गेली ते कळल्याशिवाय पुढच्या पेटीला हात लावायचा नाही."

"तुला कळायला किती वेळ लागेल?"

"माहीत नाही सर."

"मग मी काय सांगू इथे? माहीत नाही?"

"हो सर. तसंच सांगा. पण बटण दाबू नका. दर्पणभाईंना विचारा हवं तर."

मी तिला एवढ्या वर्षांत साहेबाला अडवताना पाहिलं नव्हतं. आवाज चढवला नाही.

पहिलं काम तिनं "घरचा" काढला. मेलेली पेटी खाली घेतली, तिच्या वायरी एकेक करून "घरच्या"त लावल्या, सकाळी उतरवून घेतलेली मांडणी त्याच्यात भरली. नव्या सूचना त्याच्यात तिनं रात्री घरीच भरल्या होत्या. पंधरा मिनिटांत माझा कॉम्प्युटर चालू. मला हायसं वाटलं. तिला नाही. ती दोन्ही पेट्या बघत बसली, एक भिंतीवर, एक मांडीवर. रंग तोच, भोकं तेवढीच.

मग तिनं एकदम विचारलं, "ताई, वीज पडली तेव्हा कुठल्या तीन पेट्या जळाल्या होत्या?"

"मला पाठ आहे. ही, काट्याची आणि गेटची. तिन्ही माझ्याच खात्यातल्या. तीन दिवस कागदावर हजेरी घेतली होती मी."

"म्हणजे 'घरचा' आधी इथलाच होता. आणि ही त्याच्यानंतर आली." तिनं मांडीवरची पेटी उलटी केली. "ठेकेदारानं नव्या आणल्या आणि यादी जुनीच ठेवली."

तिनं मला सांगितलं ते असं. एकाच नावाच्या पेट्या पहिल्या बनावटीच्या असतात आणि दुसऱ्या बनावटीच्या. बाहेरून सारख्या, कॉम्प्युटरवर नावही सारखंच दिसतं. आतला भाग वेगळा आणि फाइलही वेगळी. बनावट कुठली ते फक्त कडेच्या लेबलवर छापलेलं असतं.

"मग लेबल बघ ना," मी म्हटलं. "गेल्या आठवड्यात तू सगळ्यांचे फोटो काढत फिरत होतीस."

"चोवीस पेट्यांची लेबलं वाचली, ताई. तीन वाचता आली नाहीत."

"का?"

तिनं पेटी माझ्यापुढे धरली. कडेच्या लेबलवर बरोबर मधोमध माझं कुंकू होतं.

आमच्याकडे खंडेनवमीला यंत्रांची पूजा होते. मशीनची पूजा प्रॉडक्शनची माणसं करतात. टाइम ऑफिस, काटा आणि गेट माझ्याकडे. वीज पडल्यावर त्या तीन नव्या पेट्या आल्या, नवी वस्तू आली म्हणून मी हौसेनं हळदकुंकू लावलं. पेटीचा काळा पत्रा सोडून पांढरा चौकोन दिसला, तिथे कुंकू उठून दिसेल म्हणून तिथेच. टिकावं म्हणून तेलात कालवून. पुढे दर वर्षी त्याच ठिकाणी, वरून वर. सात वर्षांचा थर होता तो.

"पुसायचं होतंस मग!"

"कुंकू कसं पुसू, ताई?" ती हळूच म्हणाली. "सणाचं. तुम्ही लावलेलं. पुसायला गेले पण हातच झाला नाही. म्हटलं, यादीत पहिली बनावट लिहिलीय, तीच असेल. चुकलं माझं."

मला आठवलं. आदल्याच आठवड्यात ती माझ्या डोक्यावरच्या पेटीपुढे फोन धरून उभी होती आणि मग तिनं फोन खाली घेतला. मला वाटलं बॅटरी संपली. तिला मी काय बोलणार? बत्तीस वर्षं झाली कपाळावर लावतेय, मला कोणी कुंकू पूस म्हटलं असतं तर माझाही हात झाला नसता.

घड्याळात पावणेबारा. सोळा पेट्या बाकी. त्यांतल्या दोन तशाच, गेटची आणि काट्याची.

मी माझा खण उघडला. त्यात पूजेचं सगळं असतं, हळदकुंकवाची कोयरी, तेलाची बाटली, वाती. मी म्हटलं, "हे बघ, पुसायचं नाही. आधी दुसरीकडे लावू, मग इथलं काढू. म्हणजे पेटी क्षणभरही बिनकुंकवाची राहणार नाही. देवीला राग यायचं कारण नाही, तिला जागा बदलून दिली."

रुचिता माझ्याकडे बघतच राहिली आणि मग हसली. सकाळपासून पहिल्यांदा. "ताई, मी दिवसभर तेच करतेय की. आधी दुसरी लावायची, मग पहिली काढायची."

मी पेटीच्या वरच्या पत्र्यावर कुंकवाचं नवं बोट टेकलं. मग वात तेलात बुडवून लेबल पुसायला घेतलं. थर निघता निघेना. चार वाती लागल्या. खालून बारीक छापील अक्षरं वर आली आणि शेवटी आकडा. दोन.

तिनं अनुज सरांना फोन लावला आणि काही न लपवता सगळं सांगितलं. मग ते म्हणाले, "म्हणजे मी सकाळी बटण दाबलं असतं तर..."

"तिन्ही गेल्या असत्या सर. टाइम ऑफिस, काटा, गेट. आणि माझ्याकडे 'घरचा' एकच."

"घरचा म्हणजे?"

"नंतर सांगते सर. दुसऱ्या बनावटीची फाइल उतरवतेय."

त्यानंतर त्यांचा फोन आला तो फक्त "काही लागलं तर सांग" एवढं म्हणायला.

ज्यांची लेबलं वाचली होती त्या चौदा तिनं आधी उरकल्या, एकेक करून, तसंच. घाई नाही. मला वाटत होतं गेटचं आधी होऊन जाऊ दे, जीव तिथे अडकलाय. ती म्हणाली, "अवघड शेवटी, ताई. हात बसलेला असतो." चार वाजता आम्ही काट्याच्या खोलीत गेलो. कोयरी, तेल, वात. लेबलवर इथेही दोनचाच आकडा निघाला. दुसरी फाइल भरली. पाच मिनिटं लागली, पण उठली.

मग गेट. आमचे वॉचमन रामकिसन उत्तरेकडचे, वीस वर्षं इथे आहेत. रुचिता स्टुलावर, मी खाली तेलाची वाटी घेऊन. ते धावत आले. "अरे मॅडम, तिलक क्यों मिटा रही हैं? अपशगुन हो जाएगा!"

मी म्हटलं, "मिटा नहीं रहे भैया, सरका रहे हैं. ऊपर देखो, नया लगाया है."

त्यांनी स्टुलाभोवती फिरून वरचं कुंकू नीट पाहिलं, खात्री केली आणि हात जोडले. मग स्टूल धरून उभे राहिले, आम्ही न सांगता.

फाइल भरली. गेटचे सगळे दिवे विझले. बोट टेकायचं यंत्र काळं पडलं. चार मिनिटं. मी मनात नाव घेत होते. पाच. रुचिताच्या हातात वही होती आणि पेन टोपण काढून धरलेलं. सहा होत आली. शनिवार सकाळची सगळी माणसं मला त्या गेटबाहेर उभी दिसायला लागली.

एक दिवा लागला. थांबला. मग मिचकावला. मग बाकीचे, एकामागून एक, जसे सुटतील तसे.

रामकिसन म्हणाले, "हरी बत्ती! भगवान खुश!"

रुचितानं टिक केली. "सत्तावीस," ती म्हणाली आणि स्टुलावरच बसली. मग वडिलांना फोन लावला. ऑफिसात ती आमच्यासारखं बोलते, घरी तिची बोली वेगळी. एवढंच म्हणाली, "बाबा, घरचा डबा उघडाया लागला. पण आली मी परत."

तिनं लिहिलेला रिपोर्ट मी वाचला आहे. इंग्रजीत होता, मला तिनं वाचून सांगितला. एक पेटी बंद पडली, कारण लेबल न वाचता यादीवर विसंबून फाइल भरली, जबाबदारी रुचिता पागधरे. मी म्हटलं, खाली जागा आहे का? आणि मराठीत लिहिलं, "लेबलवर कुंकू मी लावले होते," आणि सही केली. ती नको नको म्हणत होती. मी म्हटलं, बनावट झाकली मी, आणि नाव एकटं तुझं का?

शनिवारी पावणेसातला मी गेटवर उभी होते. दर्पणभाईही होते, जरा लांब, फोनमध्ये बघितल्यासारखं करत. तीनशे एकोणीस माणसं आत आली. प्रत्येकाचं बोट टेकलं, प्रत्येकाला "टूं" वाजलं. एकालाही कळलं नाही की आदल्या दिवशी इथे काय झालं. वायरवाली कुठे आहे, असंही कोणी विचारलं नाही. ती आत टाइम ऑफिसात, भिंतीवर चालू असलेला "घरचा" अंघोळीच्या टॉवेलनं पुसत होती. नंतरच्या आठवड्यात तिनं मेलेल्या पेटीला वेगळी वायर जोडली, दोन दिवस धडपडली आणि तिला उठवली. ती पुन्हा माझ्या डोक्यावर लागली आणि "घरचा" कपाटात गेला.

सोमवारी ठाण्याची माणसं आली नाहीत. आला तो अनुज सरांचा फोन. दुसऱ्या कारखान्यातल्या एकोणीस पेट्या व्हायच्या आहेत, येशील का? यादी पाठवतो.

"यादी नको सर," ती म्हणाली. "लेबलांचे फोटो पाठवा."

दिवाळीनंतर तिला कायम केल्याचं पत्र मिळालं, एजन्सीचं नाही, कंपनीचं. संध्याकाळी आम्ही दोघी बोईसरच्या बाजारात गेलो. जमनाबाई गिऱ्हाइकाला बोंबील देत होती. रुचितानं पत्र पुढे केलं. जमनाबाईनं हात मागे घेतले. "मासळीचे हात हायत गो. तूच वाच."

रुचितानं वाचलं. पद, नाव, तारीख, वर कंपनीचा शिक्का. जमनाबाईनं सगळं ऐकून घेतलं आणि शेजारच्या बाईकडे वळून म्हणाली, "ऐकलंस? आमचे पोरीचे दिवे आता कायमचे." मग मला म्हणाली, "तुमी बामणाघरच्या का माशे खाणाऱ्या?" मी खाणारी आहे हे कळल्यावर तिनं पिशवीत एवढं भरलं की मला दोन दिवस शेजाऱ्यांना वाटावं लागलं.

पुढे हेड ऑफिसनं तिन्ही कारखान्यांना एक परिपत्रक काढलं. त्यात आठ सूचना आहेत. तिसरी सूचना अशी, की पूजेच्या वेळी हळदकुंकू उपकरणाच्या लेबलवर लावू नये, नेमून दिलेल्या जागी लावावे. ती रुचितानं घातली. आणि नुसती सूचना नाही दिली. सत्तावीसही पेट्यांवर, वरच्या पत्र्यावर उजव्या कोपऱ्यात, तिनं रुपयाएवढा पांढरा गोल चिकटवला. आत मराठीत बारीक लिहिलं, "कुंकू".

यंदाच्या खंडेनवमीला मी फक्त माझ्या तीन पेट्यांची पूजा केली नाही. रुचितानं मला कोयरीसकट सगळीकडे फिरवलं, कँटीनपासून बॉयलरपर्यंत, स्टुलावर चढवत, उतरवत. गुडघे दुखले, पण एकही सोडली नाही. सत्तावीस झाल्यावर मी तिच्या कपाटापाशी येऊन टेकले. आत "घरचा" होता, धुतलेल्या गोणपाटावर. त्याच्यावरही पांढरा गोल होता आणि त्या गोलात सकाळचं, वाळलेलं कुंकू.

"याचं झालंय वाटतं," मी म्हटलं.

"याचं आधी, ताई," रुचिता म्हणाली आणि कपाटाचं दार लावून घेतलं.